साठात एक थेंब

"वृंदे, थांब गं. तुपाचा थेंब पडत नाही तोवर भाताला हात लावू द्यायचा नाही कुणाला."

वाईच्या आत्याचा हा आवाज. पंगत बसली की ती तुपाची वाटी घेऊन पानामागून पान फिरायची आणि गुणगुणायची:

तूप पडलं भातावरी, भात झाला गं सोवळा
दूरदेशीचा पाहुणा, त्याचा घास गं कोवळा

तीस वर्षं झाली त्याला. तो आवाज मला ॲमस्टेलवेन या डच गावातल्या एका स्वयंपाकघरात, मटण पुलावाच्या पातेल्यापाशी ऐकू आला हे आत्याला कळतं, तर तिने तिथल्या तिथे आंघोळ केली असती.

हे स्वयंपाकघर कोशर, म्हणजे ज्यू धर्मशास्त्राप्रमाणे चालणारं. इथे मांस शिजतं, म्हणून दुधाचा अंशही आत यायचा नाही. ते सांभाळायला पेणकरकाका. काका बेने इस्राएल, अलिबागकडचे ज्यू. मराठी आपल्यासारखंच, नजर मात्र कस्टमवाल्याची. सकाळी गॅस तेच पेटवणार. कोथिंबिरीचं पान न् पान उजेडाच्या पेटीवर धरून किडा शोधणार. फ्रीजला त्यांचं सील. मी आणि नागपूरची विशाखा, इथल्या दोघी स्वयंपाकिणी, आत आलो की आधी आमच्या पिशव्यांकडे बघणार, मग तोंडाकडे.

"पिशवीत काय?"

"गुड मॉर्निंग आहे, काका," विशाखा म्हणायची. "दाखवू काढून?"

मला हसू यायचं नाही. हा माणूस आपल्याला विटाळ समजतो, असंच मला वाटायचं. आत्या ज्यांना अंगणातच थांबवायची, त्यांना असंच वाटत असेल का, हेही तेव्हाच पहिल्यांदा मनात आलं.

त्या रविवारी ऐंशी माणसांचं लग्नाचं जेवण होतं. नवरदेवाकडचे बेने इस्राएल, म्हणून नारळाच्या दुधातला पुलाव. मटण नेहमी विशाखा करायची, पण तिची बस चुकली आणि पातेलं माझ्या हाती आलं. घरी कधी अंडंही न फोडलेली मी. भाताला दम बसला, झाकण उघडलं, आणि तो वास अंगावर आला तसे माझे हात ओशाळले. कोटाच्या खिशात माझ्या वरणभातासाठी आणलेली बोटाएवढी बाटली होती. काका पिशव्या बघतात, कोट नाही. भिंतीवर ऑफिसने लावलेली, मनाई असलेल्या वस्तूंची डच यादी होती: दूध, लोणी, चीज, साय, दही. तूप नव्हतं. काका सामानाच्या खोलीत गेले होते. मी कोटाकडे गेले आणि परत आले.

काका आले ते दारातच थबकले. तोवर विशाखाही आली होती, एप्रन बांधत होती.

"तूप," काका म्हणाले.

ओट्यावर, थंड स्टीलवर, एक पिवळा रवाळ थेंब गोठला होता. माझ्याकडून तो पुसायचा राहिला होता. काकांनी तो बोटावर घेऊन हुंगला आणि विशाखाकडे वळले. "गेल्या महिन्यात टोस्टी, ते चीजचं भाजलेलं सँडविच, सापडलं होतं ना तुझ्याकडे?"

"ती बाहेर बाकावर खायची होती. आणि चीजला तुपाचा वास येतो होय, काका?"

"जीभ चालते तुझी. हात कुठे चालले ते सांग."

"मी आत्ता आले! विचारा हिला."

तिने माझ्याकडे बघितलं. मी एक कोरडी परात पुसत राहिले.

काकांनी राबायना, म्हणजे त्यांच्या धर्मशास्त्र्यांना, फोन लावला. बराच वेळ डचमध्ये बोलले. मग फोन छातीशी धरून म्हणाले, "राबाय विचारतायत, किती पडलं? कुठल्या पातेल्यात? कधी? जाणूनबुजून की नकळत? पातेल्यातलं अन्न पडलेल्याच्या साठपट असेल, तर शास्त्रात वाट निघू शकते. पण किती पडलं ते सांगणारं कुणी नसेल, तर सगळं फेकायचं. लोक माझं सील बघून डोळे मिटून जेवतात."

वाट निघते म्हणे! मला तो सापळा वाटला. आधी कबुली घ्यायची, मग दार दाखवायचं.

"कुणी बोलत नाही?" काकांनी आम्हा दोघींकडे बघितलं. "विशाखा, एप्रन काढ. उद्यापासून येऊ नकोस."

विशाखाचा चेहरा पडला. माझा इथे राहण्याचा परवाना नवऱ्याच्या नोकरीवर आहे. तिचा याच नोकरीवर. ती गाठ सोडायला लागली. गाठ ओली होती, सुटेना. तिची नखं गाठीत रुतत होती.

काका त्या थेंबाकडे बघत होते. "दुकानातलं नाही हे," ते स्वतःशीच म्हणाले. "घरी कढवलेलं आहे. जरा जास्त लाल केलेलं. माझी आई मटणाच्या दिवशी तुपाची बरणी शेजारच्या ब्राह्मणांकडे ठेवायला द्यायची. इकडचं तिकडे चुकून जाऊ नये म्हणून." त्यांनी मान वर केली नाही. फोनमधून कुणीतरी "हॅलो, हॅलो" करत होतं.

त्यांना कळलंय की काय? की मला बोलतं करण्याची ही आणखी एक युक्ती? मला अजूनही ठरवता येत नव्हतं. तेवढ्यात विशाखाची गाठ सुटली.

"काका," मी म्हणाले, "तिला घालवू नका. तूप मी घातलं. पाच थेंब, मोठ्या पातेल्यात, भाताला दम बसल्यावर. यादीत तूप नव्हतं हे खरं. पण मी तुमची पाठ वळायची वाट बघितली, म्हणजे मनात कुठेतरी मला ठाऊक होतं. राबायना तेही सांगा. आमच्याकडे ते अन्न शुद्ध व्हावं म्हणून घालतात."