मिठाची साक्ष

धोंडुबाईच्या अंगणात मुंगी शिरायला जागा नव्हती. वडखळजवळच्या आमच्या मिठागरवाल्या गावात बाबा अवतरले होते! पुढ्यात निखाऱ्यांची शेगडी, शेजारी दोरानं हात बांधलेली धोंडुबाईची सून, सरू. बाळंतपणानंतर तिच्या कानात कुणीतरी सारखं बोलायचं. पेणच्या डॉक्टरांच्या गोळ्यांनी उतार पडत होता. पण "गोळीनं भूत पोसतं" म्हणून बाबांनी त्या बंद करवल्या. उद्या तिला मठात नेऊन वेताचे फटके द्यायचं ठरलं होतं. तान्ही लेक घरीच राहणार होती.

बाबांनी उजव्या पिशवीतलं मीठ सासूवरून उतरवून निखाऱ्यावर टाकलं. चिडीचूप. मग डाव्या पिशवीतलं सरूवरून.

तडतड, तडतड!

"ऐका! मीठ खोटं बोलत नाही. हडळ आहे, आणि शिकलेली आहे, म्हणून डॉक्टर मागते!"

लोकांनी कान पकडले. जन्म मिठात गेलेल्या लोकांनी!

मी धोंडुबाईची शेजारीण, माझा सोमवारचा उपास होता. रोज तिन्हीसांजेला मी मीठ-मिरचीनं नातवाची दृष्ट काढते. मायेनं काढते, रोग ओळखायला नव्हे. मी हळूच म्हटलं, "बाबा, एवढ्या नजरा लागल्यात. तुमचीही काढते."

चारचौघांत नाही कसं म्हणणार? धोंडुबाईच्या बरणीतलं मीठ मी बाबांवरून उतरवलं.

तडतड, तडतड!

"अगो बाय, बाबालाच धरलान!" गोदूबाई किंचाळली.

मग बाबांच्या उजव्या पिशवीतलं चिमूटभर सरूवरून. चिडीचूप.

"या बाईच्या हाताला उपासाची सिद्धी आहे!" बाबा घाईनं म्हणाले.

"सिद्धी नाय बाबा, तवा. हे उजव्या पिशवीतलं मीठ तुम्ही भाजून आणलंयत. आगरातल्या खड्याच्या पोटात खारं पाणी अडकलेलं असतं. आच लागली की खडा फुटतो. भाजलेला आधीच फुटून गप्प झालेला. धोंडे, तुझ्या चुलीत मीठ सांडलं की तडतडतं, तेव्हा चुलीला कोण धरतं गो?"

आगरात केस पिकलेला हिरामण आधी हसला, मग सगळं अंगण. बाबांनी चपला हातात घेऊन वडखळचा नाका गाठला.

धोंडुबाई हसली नाही. तिनं सरूचे हात सोडले, मनगटावरचे वळ बराच वेळ चोळले आणि मला विचारलं, "गोळी जेवनाआधी का मंग गो?"

"डॉक्टरांनाच विचारू. उद्या तिघी जाऊ."

मी देव मानते, मानत राहीन. पण ताप आला तर डॉक्टर, हाड मोडलं तर डॉक्टर, आणि मन आजारी पडलं की वेत, हा कुठल्या देवाचा न्याय? मीठ जेवणात घाला. औषध वेळेवर द्या. आणि घरात कुणाचे हात बांधलेले असतील, तर आधी ते सोडा.