आगाऊ आभार

मच्छिंद्र वेल्डर म्हणून सोन्यासारखा माणूस, पण देवाशी वागायचा ते मात्र वकिलासारखं. लग्नाला बरीच वर्षं झालेली, दोनदा पोटातलं टिकलं नाही, आणि आता गावी पारूबाईला दिवस गेलेले. कतारमधल्या मेसईदच्या कंपनी कॅम्पात देव्हारा कुठला असणार? ट्रंकेच्या झाकणाला आतून खंडोबाचं चित्र चिकटवून तो नवस बोलला होता: पोर सुखरूप झालं तर पाळणा वाहीन. आधी पाळणा चांदीचा होता. मग सागवानी झाला. मग "जमंल तसा." शिवाय सुखरूप म्हणजे आई आणि पोर दोघंही, हे त्यानं देवाला वेगळं बजावून सांगितलं होतं.

आणि काम होईपर्यंत तोंडाला कुलूप. कॅम्पात कुणाला सांगायचं नाही, बाळाचं नाव मनातसुद्धा आणायचं नाही. दोह्याच्या बाजारात मी सहज एक झबलं उचललं, तर ते त्यानं माझ्या हातून हिसकावून परत ढिगात टाकलं आणि मला भर बाजारात झापलं. मी, रंगनाथ, कामगारांची बस चालवतो. दिवसभर हॉर्न ऐकून माझंही डोकं काही थंड नसतं. आठवडाभर मी त्याच्याशी बोललो नाही.

खोलीतला तिसरा क्वाबेना, घानाचा, परांच्या बांधणारा. आदल्या वर्षी नायजेरियानं तिथं कामाला गेलेल्या त्याच्या देशातल्या लोकांना हाकलून दिलं, तेव्हा सामानात उरला तो एक टेपरेकॉर्डर. त्याची लाडकी कॅसेट एकच. एका बाजूला त्याच्या गावच्या चर्चमधली मंडळी गिटार-ढोलावर देवाचे आभार मानायची, दुसऱ्या बाजूला अमेरिकेतले काळे गायक बाईसाठी जीव टाकायचे. मी म्हटलं, बाबा, देव आणि बाई एकाच कॅसेटीत? तर म्हणाला, "सेम वॉइस, रंगा. ये भी चर्च में गाना सीखा."

आभार मानायचं त्याला व्यसनच होतं. जेवलं की आभार, पाणी आलं की आभार. ऐन जुलैत एसी बंद पडला, आम्ही घामानं निथळतोय, आणि हा म्हणतो, "थँक यू लॉर्ड, कल चालू था." त्या दिवशी मी त्याला उशी फेकून मारली. त्यानं उशीबद्दलही आभार मानले.

मच्छिंद्रचं गुपित फुटलं ते मेसमध्ये. ऑफिसातला क्लार्क मन्सूर डाळीची वाटी हातात घेऊन सगळ्यांदेखत ओरडला, "मच्छिंद्र भाई, तुम्हारे साले का फोन था. भाभी को सातवाँ लगा, सब ठीक!" मच्छिंद्रचा घास हातातच राहिला. क्वाबेना मात्र उठून नाचायला लागला.

शुक्रवारी दुपारी आमच्या खोलीचे पडदे ओढले गेले. चर्चला तिथं परवानगी नव्हती, त्यामुळे क्वाबेनाच्या लोकांचा देव असाच पडद्याआड. क्वाबेनाचे चार-पाच गाववाले आले, एकानं पत्र्याचा डबा मांडीवर घेतला, आणि सुरू झालं. एक जण ओळ उचलायचा, बाकीचे झेलायचे, अगदी आमच्या भजनासारखं. फक्त आपण टाळी देतो तिथं ते गप्प आणि आपण गप्प तिथं त्यांची टाळी, त्यामुळे माझे हात सारखे चुकत होते. ज्याच्यासाठी आभार, त्यानं मधोमध पांढरा रुमाल हलवत नाचायचं, ही त्यांची रीत. मच्छिंद्रच्या हातात रुमाल दिला. तो खांबासारखा उभा. चेहरा असा, की कुणी त्याच्या मयताला गातंय.

सगळे गेले तसा तो उसळला. "अजून पोर व्हायचंय आन् हे नाचाय लागले! दृष्ट लागली म्हंजी?"

त्यानं मीठ-मोहऱ्या घेतल्या, मूठभर लाल मिरच्या घेतल्या आणि चक्क टेपरेकॉर्डरवरून ओवाळल्या. मग सगळं शेगडीवर टाकलं. खिडक्या बंद, पडदे ओढलेले. असा ठसका उठला की आम्ही तिघं आणि शेजारच्या चार खोल्यांतले लोक अंगणात येऊन खोकत बसलो. डोळे पुसत मी म्हटलं, "मच्छिंद्र, दृष्ट असली तर मिरच्यांचा ठसका लागत नाही ना रे?"

"न्हाई लागत."

"मग?"

क्वाबेना खोकता खोकता "थँक यू" म्हणाला.

पुढच्याच आठवड्यात मन्सूर पळत आला. यल्ला, चल मच्छिंद्र, फोन. मी बरोबर गेलो. पारूबाईला नगरच्या दवाखान्यात नेलं होतं. मुलगी झाली होती, वेळेच्या फार आधी. काचेच्या पेटीत ठेवलीय, सांगता येत नाही, संध्याकाळी पुन्हा फोन करतो, एवढं सांगून मेव्हण्यानं, बाजीरावनं, फोन ठेवला.

खोलीत येऊन मच्छिंद्रनं क्वाबेनाची गचांडी धरली. "तेरा गाना! तेरे गाने से हुआ!" मला भीती वाटली, कारण क्वाबेनानं एक हात उगारला असता तर मच्छिंद्र भिंतीला जाऊन चिकटला असता. त्यानं हात उगारला नाही.

"मच्चि," तो म्हणाला, "मेरा भी बेबी था. वीक था. मैं तेरे माफिक वेट किया. बोला, ठीक होगा, तब थँक यू बोलेगा. थोडा दिन मेरे पास था वो. मैं एक बार भी नहीं बोला. फिर खलास." मग म्हणाला, "अभी मैं पहले बोलता."

मच्छिंद्रच्या हातातली कॉलर सुटली. तो कॉटवर बसला आणि पोरासारखा रडला.

संध्याकाळी तो ऑफिसात फोनशेजारी उभाच होता. ट्रंककॉलवर बाजीराव इतका ओरडायचा की बाहेर उभ्या माणसालाही सगळं ऐकू जावं.

"दाजी, श्वास चालू हाय. पर डॉक्टर म्हंतोय, आत्ताच काय सांगता येत न्हाई."

"बाजीराव, तिचं नाव मुक्ता ठिवलंय."

"आँ? आवो दाजी, बारशाला अजून अवकाश हाय. आधी पोरगी..."

"आधीच ठिवायचं. आत्ता जा आन् तिच्या कानात सांग, तिच्या बापाला लई आनंद झालाय."

"आवो, काचंच्या पेटीत हाय ती. कानात कसं सांगू?"

"हात घालाया भोकं असत्यात पेटीला," मच्छिंद्र ओरडला. "तिथनं सांग."