डेल्मर दोन्हीकडून खेळला तो सामना

डेल्मर प्रूट माझ्या तळघरात तिसऱ्यांदा राहायला आला, तेव्हा त्याच्या बदल्यात आमच्या बेसबॉल संघानं त्याच्या आधीच्या संघाला मैदान दाबायचा जुना रोलर दिला होता. बॅग खाली ठेवता ठेवता त्यानंच मला हे सांगितलं.

"रोलर चालू होता म्हणे, आई. म्हणजे माझा भाव वाढला. मागच्या खेपेला नुसत्या बॅटी दिल्या होत्या."

छोट्या संघांतल्या खेळाडूंचा पगार बेताचा, म्हणून गावातली घरं त्यांना उन्हाळाभर ठेवून घेतात. माझे यजमान गेल्यापासून मीही ठेवते. सगळे मला आईच म्हणतात. डेल्मर माझ्याहून जेमतेम बारा वर्षांनी लहान, तरी तोही म्हणतो. माझी जेवणाआधीची प्रार्थना संपेपर्यंत बटाट्याकडे न बघणारा तो एकटाच, म्हणून मला त्याची माया.

सोळा उन्हाळे तो पिचर म्हणून, म्हणजे चेंडू टाकायला, गावोगाव फिरला. त्याचा चेंडू कधीच जोरात जात नसे, आणि वय झालं तसा तो वाटेत विसावा घेत असल्यासारखा जाऊ लागला. या खेळात प्रत्येक सामन्याचा जय एका पिचरच्या आणि हार दुसऱ्या पिचरच्या नावावर लागते. त्याच्या नावावर जिंकलेले आणि हरलेले सामने त्या वर्षी अगदी बरोबरीत होते. ही बरोबरी साधी नव्हती. त्याचे सासरे व्हर्जिल स्टुकी यांचा सेप्टिक टाक्या उपसायचा धंदा. लग्नाच्या वेळी त्यांनी जावयाकडून शब्द घेतला होता, की ज्या दिवशी जयापेक्षा हार एकानं जास्त होईल, त्या दिवशी खेळ सोडायचा आणि टाक्यांवर यायचं. डेल्मर शब्दाचा पक्का. कष्टाला तो भीत नव्हता, पण त्याचं नाक फार नाजूक होतं. माझ्या फ्रिजमधलं चीज जुनं झालेलं त्याला तळघरातून कळे.

आता तो सामना. आमचा संघ बगळे, नदीपलीकडचा गवंडी. जूनमध्ये गवंडी आमच्या मैदानावर आले, तेव्हा डेल्मर अजून त्यांच्याकडे होता. धावा बरोबरीत, आठवा डाव, आमची बॅटिंग. डेल्मरनं आमच्या जाड्या हँकला फुकट पहिला बेस दिला, मग वेडेवाकडे दोन चेंडू टाकून त्याला तिसऱ्या बेसपर्यंत पोचवला. तिथून हँक घरी, म्हणजे बॅटिंगच्या जागेवर, परत आला की आमची एक धाव. इतक्यात विजेच्या पेटीत एक खार शिरली. मोठा आवाज झाला आणि सगळे दिवे गेले. सामना आहे तिथून पुढे ऑगस्टमध्ये खेळायचा असं ठरलं. मधल्या काळात रोलर तिकडे गेला आणि डेल्मर इकडे आला.

ऑगस्टच्या त्या संध्याकाळी मी माझ्या नेहमीच्या बाकावर बसले होते. शेजारी स्टुकी येऊन बसले, हातात सॉसेजचा पाव.

"इतक्या लांब आलात?" मी विचारलं.

"न्यायला आलोय बाई. हिशोब करूनच आलोय." त्यांनी पावाचं टोक तिसऱ्या बेसकडे रोखलं. "तो जाड्या घरी आला की बगळे पुढे. त्याला तिथं बसवला कोणी?"

"डेल्मरनं. पण तेव्हा तो गवंड्यांचा होता."

"म्हणून तर. हार गवंड्यांची, आणि ती डेल्मरच्या नावावर."

"पण आता तो आमच्याकडे आहे."

"असू दे की. माणूस तुमच्याकडे, हार तिकडे. सून माहेरी गेली म्हणून सासरचं उष्टं-खरकटं सुटतं का?"

खाली बाकड्यावर डेल्मर बगळ्यांचा सदरा घालून बसला होता. आमचा मॅनेजर कीफर त्याला म्हणाला ते मला स्वच्छ ऐकू आलं, कारण कीफरला हळू बोलता येत नाही. "हँकला तूच अडकवलंयस तिथं. आता घरी ये म्हणून ओरड."

डेल्मर बिचारा ओरडला. गवंड्यांच्या नव्या पिचरचा पहिलाच चेंडू आमच्या पोरानं लांब उडवला. तो झेलला गेला, पण झेलानंतर बेसवरच्याला धावता येतं, आणि हँक धापा टाकत घरी पोचला. बगळे एका धावेनं पुढे. हँक परत आला तेव्हा टाळी द्यायला डेल्मरच सगळ्यात पुढे होता. तोंड मात्र कडू औषध प्यायल्यासारखं.

"गवंड्यांनी परत बरोबरी केली तर?" मी विचारलं.

"तर ही हार पुसली जाते," स्टुकी म्हणाले. त्यांचं चावणं जरा मंदावलं.

मग नववा, शेवटचा डाव आला; गवंड्यांचे तिघे बाद केले की सामना आमचा. नेहमी शेवटी चेंडू टाकायला येणाऱ्या पोराचं कोपर सुजलेलं, म्हणून कीफरनं डेल्मरला पुढे केलं. सकाळीच त्यानं डेल्मरला बजावलं होतं, आज एक जरी धाव दिलीस तर रात्री सामान बांध. हे मी स्टुकींना सांगितलं आणि त्यांचा चेहरा पुन्हा खुलला.

"म्हणजे धाव दिली तर कीफर काढणार. नाही दिली तर हार पक्की, शब्दाप्रमाणे माझ्याकडे. गाडीची पुढची सीट झाडूनच आणलीय मी."

सामन्याच्या निकालासाठी देवाकडे शब्द टाकायचा नाही, हा माझा रोजचा नेम. तसंही त्या दिवशी काय मागावं हे मला सुचलं नसतं. मी जपमाळ काढली आणि त्या खारीच्या आत्म्यासाठी प्रार्थना सुरू केली.

गवंड्यांच्या बाकड्यावरून जुने सोबती ओरडत होते. "डेल्मर, रोलर तुझ्यापेक्षा जोरात जातो रे."

"आणि तुमच्यापेक्षा जास्त धावतो," डेल्मर म्हणाला.

पहिले दोघे त्यानं बाद केले. तिसऱ्यानं मात्र असा फटका मारला, की तो थेट तिसऱ्या बेसवर जाऊन थांबला. आता बॅट घेऊन आला लॅमर टिब्स, गवंड्यांकडे असताना डेल्मरच्याच खोलीत राहणारा. प्रेक्षक मूठभर, त्यामुळे सगळं ऐकू येत होतं.

"डेल्मर, एक सरळ मधोमध सोड," टिब्स म्हणाला. "मी ह्याला घरी आणतो, तुझी हार पुसतो. सासरा रिकामी गाडी घेऊन जाईल."

"आणि कीफर मला पळत पळत त्याच गाडीत बसवेल."

"मी भल्यासाठी सांगतोय."

"तू माझे मोजेसुद्धा भल्यासाठीच वापरायचास."

डेल्मरनं चेंडू सोडला. इतका सावकाश, की टिब्सची बॅट आधीच अर्धी फिरून गेली. चेंडू कडेला लागला आणि सरळ वर गेला. खाली डेल्मर एकटा, हात पसरून. कीफरनं टोपी डोळ्यांवर ओढली. माझ्या शेजारी चावण्याचा आवाज थांबला. झेल सुटला तर हार पुसली जाणार आणि नोकरी जाणार. घेतला तर नोकरी राहणार आणि हार कपाळी. डेल्मर एक पाऊल मागे गेला, मग दुसरं, आणि दोन्ही हातांनी चेंडू छातीशी धरून खाली बसला.

कर्ण्यावरून निकाल सांगितला. विजयी पिचर, टोबिन रस्क. हा जूनमध्ये दिवे जाईपर्यंत आमचा पिचर होता, आणि आता खेळ सोडून पावाची गाडी चालवत होता. पराभूत पिचर, डेल्मर प्रूट. सामना वाचवणारा पिचर, डेल्मर प्रूट. लोक इतके हसले, की सांगणाऱ्यानं चूक झाली समजून पुन्हा तेच वाचलं.

डेल्मर कुंपणापाशी आला. घामानं भिजलेला. कीफर मागून ओरडला, "उद्या लवकर ये." डेल्मरनं मान हलवली, पण बघत होता सासऱ्यांकडे.

"पप्पा, शब्द तो शब्द. कधी निघायचं?"

स्टुकींनी पावाचा कागद चुरगळून खिशात घातला. मग गुडघ्यावर सांडलेली मोहरीची चटणी पुसली.

"बगळ्यांना वाचवलं कोणी?" त्यांनी विचारलं.

"मी."

"म्हणजे तुला हरवलं कोणी?"

डेल्मरनं विचार केला. "मीच म्हणायचं."

"मग हे घरातलं भांडण झालं," स्टुकी म्हणाले. "नवरा-बायकोच्यात मी पडत नाही, तुझ्या एकट्याच्यात काय पडू? दुसऱ्या कोणी हरवलं म्हणजे सांग."

आणि ते माझ्याकडे वळून म्हणाले, "बाई, जेवायला काय आहे?"