एमीलची शाळा

मंगळवारी सकाळी आंघोळ घालताना एमीलने सुलेखाच्या तोंडावर ठोसा मारला. ओठ फुटून रक्त हनुवटीवर आलं. त्याचं वय पंच्याऐंशी, पण आयुष्यभर द्राक्षमळ्यात राबलेले हात होते ते. दुसरा ठोसा तिने खांद्यावर घेतला आणि नळ बंद केला.

जॉन्सनव्हिलच्या त्या वृद्धाश्रमात सुलेखा सहा वर्षं काम करत होती. साताऱ्याहून परदेशी शिकायला आली आणि इथलीच झाली. मार तिला नवा नव्हता, पण एमीलचं वेगळं होतं. स्मृतिभ्रंशाने त्याचं इंग्रजी पुसून नेलं होतं. तो फ्रान्सचा म्हणून मॅनेजरने फ्रेंच बोलणाऱ्या एक बाई आणल्या होत्या. त्यांनी गोड आवाजात दोन वाक्यं म्हटली मात्र, एमीलने काठी उचलून त्यांच्या मनगटावर घातली. हाड मोडलं.

"आणखी एकदा असं झालं, तर त्यांना बंद वॉर्डात हलवावं लागेल," मॅनेजरने सांगितलं. एमीलचा मुलगा मार्क म्हणाला, "बाबांना फ्रेंच येतं. मुद्दाम करतात."

पण मारताना एमील दर वेळी एकच काहीतरी पुटपुटायचा. मे तुस्तेस पास. मे तुस्तेस पास. सुलेखाने परवानगी घेऊन ते फोनवर टिपलं आणि इंटरनेटवरच्या भाषाप्रेमींच्या एका गटात टाकलं.

संध्याकाळी घरी आली तेव्हा ओठ ठणकत होता. साताऱ्याहून आईचा फोन आला. सुलेखाच्या आठ वर्षांच्या लेकीने, इराने, आजीच्या प्रत्येक प्रश्नाला इंग्रजीत उत्तर दिलं. आजी म्हणाली, "काय म्हणते गं ती?"

"मराठीत सांग," सुलेखा म्हणाली.

"आय डोन्ट वॉन्ट टू."

सुलेखाने तिच्या थोबाडीत मारली. सणसणीत. फोन सोफ्यावर पडला, त्यातून आजी हॅलो हॅलो करत राहिली. इराने दोन्ही हात तोंडासमोर धरले होते. ती रडली नाही, तशीच खोलीत गेली आणि दार लावून घेतलं.

गुरुवारी उत्तर आलं. दक्षिण फ्रान्समधल्या मिरेय नावाच्या निवृत्त शिक्षिकेने लिहिलं होतं: ही फ्रेंच नाही, आमची ऑक्सितान बोली. त्याचा अर्थ, मला मारू नका.

सुलेखाने ते स्टाफरूममध्ये दोनदा वाचलं. तिला इराचे हात दिसत होते.

शनिवारी तिने मॅनेजरला विचारून मिरेयशी व्हिडिओ कॉल जोडला. स्वतःची बोली कानावर पडताच एमील सरळ बसला. मग बोलायला लागला ते थांबेचना. मिरेय मधेमधे इंग्रजीत सांगत होती.

शाळेत फक्त फ्रेंच बोलायची सक्ती होती. मास्तरांकडे लाकडाचा एक तुकडा होता. जो आपली बोली बोलेल त्याच्या गळ्यात तो अडकवायचे. दुसऱ्या कुणाला बोलताना पकडलं, की त्याच्या गळ्यात. शाळा सुटताना ज्याच्याकडे तुकडा असेल त्याला मार. त्या दिवशी तुकडा सात वर्षांच्या एमीलकडे होता. घंटा व्हायला आली होती. त्याने धाकट्या भावाच्या पायावर पाय दिला. भाऊ कळवळून बोलला, आईच्या बोलीत. एमीलने हात वर केला आणि नाव सांगितलं. मास्तरांनी भावाच्या कानशिलावर पट्टी मारली, मारतच राहिले. कानातून रक्त आलं. तो कान पुन्हा कधी ऐकू शकला नाही.

तेवढ्यात मार्क आत आला. "हे काय चाललंय? बाबा, नीट बोला. माणसांसारखं बोला." त्याने बापाचा खांदा धरून हलवला. एमीलने त्याच्या छातीवर बुक्की मारली, आणि मार्कचा हात उठला. चपराक बसली. म्हाताऱ्याचा चष्मा भिंतीवर आपटला. मे तुस्तेस पास, तो पुटपुटला. दुसऱ्यांदा हात उठला तेव्हा सुलेखाने तो दोन्ही हातांनी पकडला. मार्कने झटका दिला तशी ती कपाटावर आदळली, पण तिने सोडला नाही.

"ते म्हणताहेत, मला मारू नका," ती म्हणाली. "तुमच्या काकांचं सांगत होते."

"मला काका नाही," मार्क म्हणाला. मग स्क्रीनवरच्या मिरेयकडे पाहून खाली बसला.

सुलेखाने झालं ते सगळं लिहून दिलं, मार्कची चपराकही. महिनाभर त्याला एकट्याने भेटायला मनाई झाली. एमीलला मात्र हलवलं नाही. आंघोळीची वेळ बदलली, आणि मिरेयने पाठवलेले पंधरा शब्द सगळ्यांनी पाठ केले.

त्या शनिवारी संध्याकाळीच सुलेखा इराच्या पलंगावर जाऊन बसली. "मी तुला मारलं ते चुकलं. भाषेसाठी कुणाला मारायचं नसतं. मी पुन्हा मारणार नाही."

"यू स्केअर्ड मी," इरा म्हणाली. सुलेखाने मान हलवली. मराठीत सांग असं ती म्हणाली नाही.

सहाव्या आठवड्यात मार्क आला, खिशात त्या पंधरा शब्दांचा कागद घेऊन. एमीलने त्याला पाहताच ठोसा हाणला. गालफड लाल झालं. मार्क जागचा हलला नाही. कागद उघडून त्याने पाण्यासाठीचा शब्द वाचला, चुकीचा.

एमीलने त्याच्याकडे रागाने पाहिलं. "आयगो," खेकसतच त्याने शब्द सुधारला, आणि मार्कने पुन्हा म्हणून बघितलं.