चाळीस मिनिटं पुढे

माझी मुलगी कस्तुरी आमच्यापेक्षा चाळीस मिनिटं मागे आहे. ती आम्हाला दिसते, ऐकू येते. तिला मात्र आम्ही चाळीस मिनिटांपूर्वी जिथे होतो तिथे दिसतो. ती रिकाम्या खुर्चीच्या गळ्यात पडते तेव्हा मी आरशासमोर दाढी करत असतो. जेवताना ती ज्यावर हसते, ते मी काय बोललो होतो हे मला आठवतही नाही.

आधी फरक दहाच मिनिटांचा होता. कुणालाही कधी उशीर होऊ नये म्हणून वेळखात्याने गावच्या पाण्याच्या टाकीवर यंत्र बसवलं. माणूस ज्या छपराखाली असेल, तिथल्या भिंतीवरच्या घड्याळाप्रमाणे त्याच्यावर वेळेचा शिक्का बसणार होता. आमच्या घरातलं घड्याळ माझे वडील, तात्या, कायम दहा मिनिटं पुढे ठेवतात. एसटी चुकायला नको म्हणून. तेवीस वर्षांत तात्या एसटीत बसलेले नाहीत. यंत्र सुरू झालं तेव्हा तात्या, माझी बायको हेमांगी आणि मी घरात होतो. कस्तुरी शाळेत होती, आणि शाळेचं घड्याळ बरोबर होतं.

मी अर्ज करकरून थकलो. आठव्या महिन्यात खात्याचे इंगवले आमचा शिक्का बदलायला आले. मी घड्याळ नीट लावून ठेवलं होतं आणि तात्यांना बजावलं होतं, हात लावायचा नाही. इंगवल्यांनी भिंतीकडे बघितलं आणि शिक्का मारला. घड्याळ चाळीस मिनिटं पुढे होतं.

"सरकारी माणूस येणार, आपण आधीच तयार असलेलं बरं," तात्या म्हणाले.

"साहेब, घड्याळ चुकीचं आहे हो," मी ओरडलो. दोन बशा पोहे आणि चहा झाल्यावर इंगवल्यांना ते ऐकू आलं.

"घड्याळ तुमचंच ना?" मी मघाशी उभा होतो त्या जागेकडे बघून ते म्हणाले. "आता पुढच्या वर्षी."

"पुढे असलेलं कधीही चांगलं," तात्या म्हणाले. मी त्यांना गप्प बसायला सांगितलं. आयुष्यात पहिल्यांदाच. राग अजून गेलेला नाही.

घर आणि शाळा यांच्यामध्ये मोठा रस्ता आहे. कस्तुरी माझं बोट धरल्याशिवाय तो ओलांडत नाही. म्हणून मी रोज तिच्या चाळीस मिनिटं आधी बोट पुढे करून एकटाच शाळेपर्यंत चालत जातो आणि परत येऊन गॅलरीत उभा राहतो. मग ती बाहेर पडते, हवेतलं बोट धरते आणि माझ्या पावलांनी चालत जाते. पुढे रस्त्यावर काय येणार याचा अंदाज मला आधीच घ्यावा लागतो. बुधवारी वाळूचे ट्रक असतात, म्हणून बुधवारी मी कडेला पाच मिनिटं थांबतो.

आजही थांबलो. मग रस्त्याच्या मध्यावर पोहोचलो आणि समोरून इंगवले स्कूटरवर गेले. माझं डोकं फिरलं. मी तिथेच उभा राहून त्यांना नाही नाही ते बोललो. त्यांना ऐकू जाणार नाही हे माहीत होतं, तरी थांबवेना. इतक्या महिन्यांचं साचलेलं होतं. रस्ता तेव्हा रिकामा होता. सगळं बोलून झाल्यावर मी शाळेपर्यंत गेलो, परत आलो आणि गॅलरीत चहा घेऊन उभा राहिलो.

कस्तुरी बाहेर पडली. हात वर करून चालू लागली. कडेला पाच मिनिटं थांबली. रस्त्याच्या मध्यावर पोहोचली आणि तिथे पुन्हा थांबली.

मी अनवाणी धावलो. नाक्यावरून वाळूचा ट्रक वळला. मी तिचा हात धरून जोरात ओढलं. ती ओढ तिच्यापर्यंत पोहोचायला चाळीस मिनिटं होती. ती मान वर करून उभी होती. मोठी माणसं बोलत असताना मध्ये बोलायचं नाही, हे मीच तिला शिकवलंय.

ट्रकने हॉर्न दिला. कस्तुरीने एक हात कानावर ठेवला, दुसऱ्या हाताने माझं बोट घट्ट धरलं आणि मी पुढे काय म्हणतोय ते ऐकत राहिली.