स्प्लाइन गेली

मित्रांनो, मी एक जुनी लाकडी पट्टी आहे. बोटाहून बारीक आणि दोन माणसांनी हात पसरून शेजारी शेजारी उभं राहावं एवढी लांब. माझं खरं नाव स्प्लाइन. हे नाव तुमच्या कानावरून कधी गेलं नसेल. गेलं असेल तरी ते माझंच, की दुसऱ्या कुणाचं, हे सांगता येणार नाही. आमच्या कारखान्यातल्या शहाण्यासुरत्या माणसांनाही ते सांगता आलं नव्हतं, आणि त्यातून काय घडलं तेच मला तुम्हाला सांगायचं आहे.

माझा जन्म नदीकाठच्या बोटींच्या कारखान्यात झाला. तिथल्या मुख्य सुताराची मुलगी बोटींचे आराखडे काढायचं शिक्षण घेऊन घरी परतली, तेव्हा वडिलांनी तिच्यासाठी मला बनवलं. त्यांनी फळ्यांच्या ढिगातून एक फळी निवडली. तिच्यात गाठ नव्हती आणि लाकडाचे धागे या टोकापासून त्या टोकापर्यंत सरळ गेले होते. ती चिरून, रंधून, घासून त्यांनी मला इतकं एकसारखं केलं, की कुठेही वाकवलं तरी मी सारखाच जोर लावून उलटायची. मग तेलाचा हात फिरवून त्यांनी मला लेकीच्या हाती दिलं.

"टोकं हवी तिथे धर," ते म्हणाले, "पण मधे ढकलू नकोस. मधलं वळण हिचं ही घेते."

माझं सगळं आयुष्य या एका वाक्यात आलं. लांबलचक टेबलावर कागद पसरलेला असायचा. बोट इथे किती रुंद, पुढे किती निमुळती, याचे ठिपके त्यावर मांडलेले असायचे. ते नुसत्या हाताने जोडायला गेलं तर रेघ अडखळते, कुठे तिला पोट येतं तर कुठे खड्डा पडतो. म्हणून मला त्या ठिपक्यांवरून वाकवायचं आणि जागच्या जागी शिशाची वजनं ठेवून धरायचं. त्या वजनांना पुढे चोचीसारखा आकडा असायचा, म्हणून सगळे त्यांना बदकं म्हणत. बदकांनी मला चोचीत धरलं, की दोन बदकांच्या मधे मी आपोआप अंगाला सोसेल असं सुरेख वळण घेत असे. मग माझ्या कडेने पेन्सिल फिरायची आणि कागदावर बोटीची बाजू उमटायची. अशा किती बोटी माझ्या अंगावरून पाण्यात गेल्या! मुख्य सुताराच्या मुलीला लोक रेघबाई म्हणू लागले आणि त्या नावातला अर्धा वाटा माझा आहे असं मी आजही मानते.

नावाचा घोळ मात्र पहिल्यापासून होता. कारखान्यात निम्मे लोक मला नुसतं 'पट्टी' म्हणत. रेघबाईंनी एकदा शहरातल्या दुकानाला फोन करून आणखी एक स्प्लाइन मागवली. आठवड्याने पार्सल आलं. उघडून पाहतात तर आत रबरी दोरीचं वेटोळं. खिडकीच्या चौकटीत डासांची जाळी घट्ट बसवायला जी दोरी दाबतात, तिलाही म्हणे स्प्लाइन म्हणतात. रेघबाईंनी ती परत पाठवली नाही. खिडकीला जाळी बसवून टाकली. त्यांचा स्वभावच तसा, हाती आलेलं वाया जाऊ द्यायच्या नाहीत.

रेघबाईंचा धाकटा भाऊ बोटींची इंजिनं दुरुस्त करायचा. रेघबाईंची मुलगी चिऊ त्याला मामा म्हणे, म्हणून बोटींचा अख्खा धक्काही त्यांना मामाच म्हणू लागला. या मामांच्या लेखी स्प्लाइन म्हणजे तिसरंच काही. बोटीच्या शाफ्टच्या, म्हणजे फिरत्या लोखंडी दांड्याच्या, टोकाला उभे दात कापलेले असतात. ते कपलिंग नावाच्या जोडनळीच्या आतल्या खाचांत बसतात आणि इंजिनचा जोर पाण्यातल्या पंख्यापर्यंत पोचवतात. मामा या दातांना स्प्लाइन म्हणत. बहीणभाऊ एकाच घरात वाढले, एकाच कारखान्यात कामाला लागले, पण एकाच शब्दाने दोघं दोन वस्तू सांगताहेत हे कधी कुणाच्या लक्षात आलं नाही. तशी वेळच आली नव्हती.

पुढे चिऊ शिकून मोठी झाली आणि तिच्याबरोबर कारखान्यात कॉम्प्युटर आला. आता ठिपके पडद्यावर पडू लागले, वळणंही पडद्यावरच वळू लागली. माझ्याविषयी कुणाच्या मनात काही वाकडं नव्हतं. फक्त माझी गरज उरली नाही. एका बदकाला दार अडवायचं काम मिळालं. दुसरं कागदांवर जाऊन बसलं. मला दारामागे भिंतीला तिरकं टेकवून ठेवलं गेलं. आमच्या जातीला याहून वाईट शिक्षा नाही. सरळ पट्टी तिरकी टेकवून ठेवली, की हळूहळू तिच्या अंगात बाक भरतो. कुणीतरी माझ्यावर ओली फडकी वाळत घालायचं. पावसाळ्यात मी फुगायची, उन्हाळ्यात करकरून वाळायची. तेलाचा हात तर कधीचाच थांबला होता. तरी मला स्वतःची किंमत ठाऊक होती. ठिपके काढा आणि बोलवा, मी येते, असं मी दारामागून मनातल्या मनात म्हणत असे.

बोलावणं आलं ते भांडणातून आलं.

नदीच्या दोन्ही काठांना जोडणारी एकच प्रवासी बोट होती आणि ती आता थकली होती. नवी बोट बांधायचं काम आमच्या कारखान्याला मिळालं. आराखडा चिऊने काढला. मोठ्या कागदावर तो छापून तिने आईपुढे टेबलावर पसरला. रेघबाई चष्मा वरखाली करत पुढच्या टोकापाशी थबकल्या.

"चिऊ, इथे मला जरा पोट आल्यासारखं वाटतंय."

"नाही गं आई. मी तीनदा तपासलंय."

"माझ्या स्प्लाइनने एकदा बघू दे."

"मीही स्प्लाइननेच काढलंय."

"ती तर इथे दारामागे पडलीय. तू कधी हात लावलास तिला?"

"आई, ती पट्टी आहे. स्प्लाइन म्हणजे कॉम्प्युटर ठिपक्यांतून जी वक्ररेषा काढतो ती. आम्हाला ते गणित होतं."

रेघबाईंच्या कपाळाला आठ्या पडल्या. "म्हणजे इतकी वर्षं मी हिला चुकीच्या नावाने हाक मारतेय म्हण ना."

चिऊ पुन्हा कागदाकडे वळली आणि तेच रेघबाईंना लागलं. त्या तरातरा दाराकडे आल्या, मला उचललं, फडक्याने पुसलं आणि टेबलावर आणलं. दारातलं आणि कागदांवरचं अशी दोन्ही बदकं आली. इतक्या वर्षांनी चोचीत धरलं गेल्यावर मला काय आनंद झाला म्हणून सांगू. पण माझं अंग वाळून काष्ठ झालं होतं आणि रेघबाई रागात होत्या. पुढच्या टोकाचं वळण तीव्र होतं. त्यांनी मला एकदम वाकवलं. मी जमेल तेवढी वाकले आणि मग कट् असा आवाज झाला.

रेघबाईंच्या दोन्ही हातांत एकेक तुकडा राहिला. वडिलांनी स्वतः रंधलेली पट्टी होती ती, आणि वडील आता नव्हते. त्यांनी तुकडे टेबलावर जुळवून पाहिले. थोड्या वेळाने त्यांनी मामांना फोन लावला, कारण लाकूड जोडायचा चांगला गोंद आणि जोड दाबून धरायचे शिकंजे मामांकडे होते.

"अरे, स्प्लाइन गेली," त्या दाटल्या आवाजात म्हणाल्या. "हातातलं काम ठेव आणि ये."

मामा तेव्हा धक्क्यावर होते. प्रवासी बोटीचं इंजिन सुरू झालं होतं आणि त्याच्या धडधडीत त्यांना "स्प्लाइन गेली" एवढंच ऐकू आलं. मग फोन तुटला.

पुढचं मी पाहिलेलं नाही. मामांनीच आम्हाला नंतर सांगितलं, ते तुम्हाला सांगते.

मामांच्या मनात पहिला विचार आला तो असा, की ताई सकाळी याच बोटीने पलीकडे जाऊन आली. तिचा कान तिखट. शाफ्टचा आवाज तिला वेगळा वाटला असणार, उगाच ती अशा आवाजात बोलायची नाही. बोट माणसांनी भरली होती. वरच्या अंगाला पाऊस झाल्याने नदीला ओढ होती आणि थोडं खाली बंधारा होता. भर प्रवाहात पंखा फिरायचा थांबला, तर बोट सरळ बंधाऱ्यावर जाणार हे सांगायला कुणा जाणकाराची गरज नव्हती.

"दोर सोडू नका," मामा चालकाला म्हणाले. "इंजिन बंद करा."

"अहो, माणसं बसलीत. आता कसलं बंद?"

"बसलीत म्हणूनच बंद करा."

लोक कुरकुरू लागले. पलीकडच्या दवाखान्यातली नर्स कामावर निघाली होती. ती उठून उभी राहिली. "मामा, माझे पेशंट खोळंबलेत. काय झालंय ते तरी सांगा."

"बघितल्याशिवाय काय सांगू? पण न बघता मी तुम्हाला पाण्यात जाऊ देणार नाही."

सगळ्यांना उतरवून मामा खाली शिरले आणि त्यांनी कपलिंग सोडवलं. ग्रीस पुसलं आणि त्यांच्या हातातला पाना तसाच राहिला. शाफ्टवरचे दात झिजून पार चाकूच्या पात्यासारखे झाले होते. दोन तर मुळातूनच गेले होते आणि कपलिंगच्या खाचाही तशाच झिजल्या होत्या. मामांनी चालकाला खाली बोलावून बोटाने दाखवलं. चालक बराच वेळ बघत राहिला. वर येऊन तो नर्सला इतकंच म्हणाला, "बाई, आज तुम्ही उशिरा पोचाल ते चांगलंच."

मामा तेच झिजलेलं कपलिंग फडक्यात गुंडाळून आमच्या खोलीत आले. दारातूनच म्हणाले, "ताई, तुला कळलं तरी कसं?"

"काय कळलं?"

"स्प्लाइन गेल्याचं."

"कळायचंय काय त्यात? माझ्या हातातच मोडली ना ती." रेघबाईंनी माझे दोन तुकडे उचलून दाखवले.

मामांनी माझ्याकडे पाहिलं. मग फडकं सोडून कपलिंग माझ्या शेजारी ठेवलं. "मी तर ही समजलो."

त्यांनी सगळं सांगितलं तेव्हा रेघबाईंच्या चेहऱ्याचा रंगच उडाला. सकाळी त्या स्वतः त्या बोटीत बसल्या होत्या आणि त्यांना काहीएक जाणवलं नव्हतं. बंधाऱ्याचं नाव निघालं तेव्हा चिऊने आईचा हात घट्ट धरला. मग मामाच हसू लागले, आधी हळू आणि मग डोळ्यांत पाणी येईपर्यंत.

"पट्टी मोडली म्हणून बोट वाचली," ते म्हणाले. "हे कुणाला सांगितलं तर मला वेड्यात काढतील."

"आणि मी इथे तिसरीच स्प्लाइन घेऊन आईशी भांडत होते," चिऊ म्हणाली. तिने कपाटातून तांत्रिक शब्दांचा जाडजूड कोश काढला, पान शोधलं आणि वाचता वाचता तिचा आवाज बदलला. "आई, पहिला अर्थ लाकडाची किंवा धातूची लांब, पातळ पट्टी. मामाचे दात त्याच्या खाली आहेत. आणि आमची रेघ सगळ्यात शेवटी. तिला हे नाव का दिलं, ऐक. आराखडे काढणारे जी लवचीक पट्टी वापरत, ती जसं वळण घेते तसंच वळण या गणितातून निघतं, म्हणून." तिने कोश मिटला. "आई, तू हिला बरोबर नावानेच हाक मारत होतीस."

मित्रांनो, मी दोन तुकड्यांत पडले होते, पण त्या दिवशी माझी मान जेवढी ताठ होती तेवढी अखंड असतानाही नव्हती.

मामांनी मला जोडलं. दोन्ही टोकं लांब तिरकी तासून, गोंद लावून, शिकंज्यांत धरून. जोड इतका बेमालूम झाला, की नुसत्या नजरेला दिसत नाही. बोटाला मात्र कळतो. तिथे मी थोडी ताठ झाले आहे, त्यामुळे पूर्वीसारखं एकसारखं वळण आता माझ्याच्याने होत नाही. मला त्याचं वाईट वाटतं, खोटं कशाला सांगू? म्हणून रेघबाईंनी चिऊला शेजारी बसवून तिच्याच हातांनी नवी पट्टी रंधून घेतली. मग दोघींनी ती चिऊच्या छापील आराखड्यावर ठिपक्यांवरून वाकवली आणि बदकं ठेवली. पट्टीने वळण घेतलं आणि चिऊची रेघ तिच्याखाली पूर्ण झाकली गेली. टोकापासून टोकापर्यंत कुठेही केसभरसुद्धा बाहेर आली नाही.

रेघबाईंनी खाली वाकून ते दोनदा पाहिलं. "पोट नव्हतं," त्या म्हणाल्या. "माझ्या चष्म्याचा नंबर वाढला असेल. बोट बांधायला घ्या."

ती बोट आज नदीवर चालते. मला भिंतीवर खुंट्यांच्या रांगेवर आडवं, सरळ ठेवलेलं असतं. पावसाळ्याआधी चिऊ मला न चुकता तेल लावते आणि नव्याने शिकायला येणाऱ्यांना 'स्प्लाइन' हा शब्द सांगताना आधी मला खाली काढते. जोड त्यांच्या बोटाखाली आला, की ते थांबतात आणि विचारतात, हे काय झालं? मग ती मामांना हाक मारते.

तेव्हा मित्रांनो, तुमच्या घरी माझ्यासारखी एखादी लांब, लवचीक वस्तू असेल तर तिला कोपऱ्यात तिरकी टेकवू नका. आडवी ठेवा, कोरडी ठेवा, अधूनमधून तेलाचा हात फिरवा. आणि अनोळखी शब्द कानावर आला, तर समोरच्याला चुकीचं ठरवण्याआधी तो कोणत्या वस्तूला तसं म्हणतो ते विचारा. विचारल्याने कुणी लहान होत नाही. मामा तर आता फोनवर कुणीही स्प्लाइन म्हटलं, की आधी "कुठली?" असं विचारतात. उत्तर काहीही येवो, फोन ठेवला की धक्क्यावर जातात आणि शाफ्टचे दात एकदा बघून येतात.