पुस्तकात नव्हतं ते

एडविन थॉर्नली हे नाव तुम्ही ऐकलं नसेल, तर त्यात तुमची काही चूक नाही. खुद्द विलायतेतल्या लोकांनीही ते फारसं ऐकलेलं नाही. चेहरा मात्र त्यांना ओळखीचा वाटायचा. बाजारात थांबवून लोक विचारायचे, "तुम्ही आमच्या बँकेत होता का हो?"

साठ वर्षं हा माणूस रंगभूमीवर आणि पडद्यावर राबला. सोळाव्या वर्षी घर सोडलं आणि एका नाटक कंपनीत झाडू मारायला लागला. ती कंपनी दर आठवड्याला नवं नाटक लावायची, म्हणजे संध्याकाळी एकाचा प्रयोग, सकाळी दुसऱ्याची तालीम आणि जेवताना तिसऱ्याचं पाठांतर. पुढे टीव्हीवर एका पोलिसी मालिकेत फौजदाराच्या मागे उभं राहून "येस सर" म्हणण्यात नऊ वर्षं गेली. सिनेमात तो बहुधा पहिल्या पंधरा मिनिटांतच मरायचा. एकूण सत्तावीस वेळा मेलो, त्यात दोनदा बुडून, असा हिशेब तो स्वतःच सांगे. आयुष्यात एकदाच लंडनमध्ये मोठा नट आजारी पडला आणि अवघ्या तासाभराच्या तयारीवर याला राजाचा मुकुट घालून उभं केलं. त्या दिवशी अख्खं थिएटर उठून उभं राहिलं. दुसऱ्या दिवशी मोठा नट बरा झाला. मोठ्या नटांना एवढं कळायला हवं की आजारपण जरा लांबवावं, पण नाही कळत.

असा हा माणूस सत्तरीत येऊन राहिला कुठे, तर दुबईत, अल क्वोजमध्ये. एका बाजूला टायरचं गोदाम, दुसऱ्या बाजूला संगमरवर कापण्याचा कारखाना, आणि मधल्या शेडमध्ये शंभर खुर्च्यांचं छोटं थिएटर. तिथे तो मुलांना आणि कंटाळलेल्या ऑफिसवाल्यांना अभिनय शिकवायचा. अकरा वर्षं झाली त्याला.

अन्वरीची आणि त्याची गाठ तिथेच पडली. अन्वरी दुबईतल्याच करामा वस्तीतली, म्हणजे मूळची दाभोळच्या खाडीकाठची, पण लग्नानंतर करामाची. नोकरी जबल अली बंदरात एका माल पाठवणाऱ्या कंपनीत, कागदपत्रांच्या टेबलावर. मुलगी एमान आठ वर्षांची असताना तिला या थिएटरच्या वर्गात घातलं आणि आई बाहेर पॅसेजमध्ये ऑफिसचे कागद तपासत बसायची. एके दिवशी आत थॉर्नलीसर मुलांना एक लांबलचक भाषण म्हणून दाखवत होते आणि मध्येच अडकले. महिनाभर तेच भाषण कानावर पडत होतं. अन्वरीने मान वर न करता पुढचे दोन शब्द हळूच टाकले. सरांनी ते उचलले, भाषण संपवलं आणि बाहेर आले.

"हे तुला कुणी शिकवलं?"

"अब्बांनी."

तिचे अब्बा गनी मास्तर, गावच्या शाळेत शिक्षक. देवीच्या जत्रेत गावाचं नाटक असायचं आणि पुस्तक घेऊन विंगेत उभे राहायचे ते गनी मास्तरच. गावात तेवढा स्वच्छ आवाज दुसऱ्या कुणाचा नव्हता. नट सगळे मुंबईहून आदल्या दिवशी उतरलेले, पाठांतराच्या नावाने आनंद. अख्खं नाटक मास्तर विंगेतून म्हणायचे आणि नट आपले ओठ हलवून हात उडवायचे. लहानगी अन्वरी त्यांच्या पायाशी बॅटरी धरून बसायची. सरांनी हे ऐकलं आणि इतके हसले की त्यांना पाणी द्यावं लागलं. "म्हणजे नाटक तुझ्या वडिलांनी केलं आणि टाळ्या बाकीच्यांनी घेतल्या!" म्हणाले. त्या दिवसापासून थिएटरचं पुस्तक अन्वरीच्या हातात आलं. एमानचा वर्ग तीन वर्षांनी सुटला, आईचा सुटला नाही.

आणि आता सर विसरायला लागले होते. आधी चष्मा, मग किल्ल्या, मग गॅस. गॅसची बातमी इंग्लंडला पोचली आणि त्यांची मुलगी हेलन विमानाने येऊन दाखल झाली. पन्नाशीची, सरळ पाठीची बाई. तिने बापाला तिथल्या तिथे सांगितलं, "डॅड, बस झालं. तू माझ्याकडे चल." सर म्हणाले, शनिवारी माझा एकपात्री प्रयोग आहे, माझ्या आयुष्यावरचा, शेवटचा. तो होऊ दे. मग बापलेकीत सौदा ठरला. तासभर न अडखळता बोलले तर आणखी एक वर्ष इथे राहायचं. अडखळले तर हेलनबरोबर पुढच्या बुधवारी विमानात बसायचं.

अन्वरीला हा सौदा पटला नाही. हा माणूस गेला तर गुरुवार-शनिवारची संध्याकाळ ओसाड होईल एवढंच नव्हतं. अब्बांबद्दल ती जगात फक्त याच माणसाशी बोलायची.

"कानात यंत्र घाला, सर," तिने सुचवलं. "हल्ली सगळे घालतात. मी आतून बोलत राहीन, कुणाला कळणारसुद्धा नाही."

"तू विंगेत आहेस ना? मग खलास." म्हणजे झालं, विषय संपला. सरांना अरबीतला तेवढाच शब्द आवडायचा.

शनिवारी दुपारी निघताना तिने संहिता पुन्हा एकदा चाळली. नवरा हम्माद हसला, "अगं, बोलायचंय त्यांना. घाम तुला का फुटलाय? यल्ला, निघ, बस चुकेल." एमान मोबाइलमधून डोकं न काढता म्हणाली, "ममा, रिलॅक्स. ही इज अ प्रोफेशनल."

चार वाजता प्रयोग सुरू झाला. खुर्च्या भरलेल्या. हेलन तिसऱ्या रांगेत, पर्स मांडीवर गच्च धरून. सर साध्या कोटात आले आणि पहिल्या पाच मिनिटांत लोक त्यांच्या खिशात होते. झाडू मारणं झालं, तीन नाटकांचा आठवडा झाला, सत्तावीस मरणं झाली, राजाचा मुकुट झाला. तीस पानं. एक अक्षर इकडचं तिकडे नाही. अन्वरीच्या जिवात जीव आला आणि तिने पान उलटलं.

एकतिसाव्या पानावर सरांचे वडील होते. ते ग्रिम्सबीच्या गोदीत मासे उतरवायचे, नाटकाला थेरं म्हणायचे. पोराला त्यांनी आयुष्यात एकदाच टीव्हीवर पाहिलं, आणि त्यात तो प्रेत होता. "आजवरचं तुझं सगळ्यात चांगलं काम," असं म्हणून झोपायला गेले. या जागी हमखास हशा यायचा, आणि हशा विरला की सर जे बोलायचे त्याने लोक डोळे पुसायचे.

"माझे वडील," सर म्हणाले, आणि थांबले.

काही थांबणी मुद्दाम असतात. अन्वरीने मनात तीन मोजले. सरांचा अंगठा कोटाच्या बटणावरून फिरायला लागला, तेव्हा तिला कळलं की हे थांबणं नाही.

"गोदीत मासे," तिने हळूच दिलं.

सरांपर्यंत ते पोचलं नाही. तिने पुन्हा दिलं. पहिल्या रांगेतला एक माणूस खाकरला. हेलनने डोळे मिटून घेतले होते.

"माझे वडील," सर पुन्हा म्हणाले, आणि या खेपेला आवाज एकदम मोकळा, "शाळामास्तर होते."

हेलनने डोळे उघडले.

"समुद्राकाठचं लहान गाव. वर्षातून एकदा गाव नाटक करायचं, आणि एकाही नटाला स्वतःची वाक्यं पाठ नसायची." लोक हसले. "माझे वडील विंगेत उभे राहून अख्खं नाटक म्हणायचे. राजाचं तेच, राणीचं तेच, पहारेकऱ्याचंही तेच. मी त्यांच्या पायाशी बॅटरी धरून बसायचो."

अन्वरीने पुस्तकातून मान वर केली. मोठ्याने एक वाक्य फेकलं असतं तर सर कदाचित एकतिसाव्या पानावर परत आले असते. तिचं काम तेच होतं. पण खरं सांगायचं तर तिला त्यांना थांबवायचंच नव्हतं. शंभर माणसं कान देऊन ऐकत होती आणि त्यांच्यासमोर उजेडात तिचे अब्बा उभे होते, धोतऱ्याच्या फुलासारखा पांढरा सदरा घातलेले, जसे ते कधीच कुणासमोर उभे राहिले नव्हते. स्वतःच्या या लोभाची तिला लाजही वाटली. सरांचं वर्ष तिच्या डोळ्यांदेखत चाललं होतं.

सर रंगात आले होते. बॅटरीवर जमणारे किडे, मास्तरांचा घसा ओला करायला ठेवलेली ज्येष्ठमधाची काडी, सगळं जसंच्या तसं. एवढं सगळं आपण यांना कधी सांगितलं?

"आणि मग एका वर्षी..." सर म्हणाले, आणि पुन्हा अडकले.

या वेळी ते विसरले नव्हते. पुढचं अन्वरीने त्यांना सांगितलंच नव्हतं. तिने ते कुणालाच सांगितलं नव्हतं. नटाने विंगेकडे बघायचं नसतं, आणि इतक्या वर्षांत सरांनी कधी बघितलं नव्हतं. आता त्यांनी मान वळवली आणि सरळ तिच्याकडे पाहिलं.

अन्वरीने पुस्तक मिटलं.

"आवाज गेला," ती म्हणाली.

"माझ्या वडिलांचा आवाज गेला," सर म्हणाले.

"घशाचं ऑपरेशन."

"घशाचं ऑपरेशन झालं. डॉक्टरांनी सांगितलं, यापुढे बोलणं नाही."

"मी परदेशात. मूल लहान."

"मी परदेशात होतो. घरात तान्हं मूल, जाता आलं नाही. जत्रा आली. वडील नेहमीसारखे पुस्तक घेऊन विंगेत जाऊन उभे राहिले. तोंडातून शब्द फुटत नव्हता, तरी उभे राहिले."

पुढचं देताना अन्वरीचाच आवाज फुटेना. भावाने सतरा वर्षांपूर्वी फोनवर सांगितलं होतं ते, शब्दन् शब्द तिच्यापाशी होतं. सर वाट बघत राहिले.

"सगळ्यांनी," ती म्हणाली. "सगळ्यांनी पाठ केलं होतं."

सरांनी ते लगेच उचललं नाही. आधी ते त्यांच्या आत पोचलं, आणि पोचताना सगळ्यांना दिसलं.

"त्या वर्षी," सर अगदी सावकाश म्हणाले, "सगळ्यांनी आपापली वाक्यं पाठ करून आणली होती. राजाने, राणीने, पहारेकऱ्याने. ज्यांनी तीस वर्षांत एक ओळ पाठ केली नव्हती, त्यांनी. अख्ख्या नाटकात कुणी एका शब्दाला अडलं नाही. माझ्या वडिलांना नुसती पानं उलटावी लागली."

मागून एकाने टाळ्यांना सुरुवात केली, आणि पत्र्याची ती शेड दणाणून गेली. सर थोडे गोंधळल्यासारखे उभे राहिले, आणि टाळ्या ओसरल्यावर चौतिसाव्या पानापासून शेवटापर्यंत घड्याळासारखे गेले.

प्रयोगानंतर अन्वरी रंगपटात आली तेव्हा सर आरशासमोर डोळे मिटून बसले होते. पाठोपाठ हेलन आली आणि दार लावून घेतलं.

"माझे आजोबा गोदीत होते," ती हळू आवाजात अन्वरीला म्हणाली. "कुणाचे वडील होते ते?"

खोटं बोलता आलं असतं. संहिता बदलली होती म्हणायचं, की झालं. अन्वरीच्या जिभेवर आलंही. "माझे," ती म्हणाली. "सर विसरले, मॅडम. मी दोनदा दिलं, ते पोचलं नाही. चूक झाली. सौदा तुम्ही जिंकलात."

"तुम्ही कुजबुजत होता ते मला सगळं ऐकू येत होतं." हेलन खुर्चीत बसली आणि तिची ती सरळ पाठ जरा वाकली. "तो अडकला की मी काय करते माहीत आहे? पुढचं सगळं मीच बोलून टाकते. नाहीतर म्हणते, डॅड, आत्ताच सांगितलं ना तुला? मग तो दिवसभर बोलत नाही. तुम्ही मात्र तो जिकडे गेला तिकडे त्याच्यामागे गेलात." तिने डोळे पुसले. "मी त्याला घेऊन जाणारच आहे, त्याला आता सोबत माणूस लागतो. पण बुधवारी नाही. मी महिनाभर सुट्टी वाढवते. मला हे शिकवाल?"

अन्वरीला रडू आवरेना. सर जाणार याचं दुःख होतंच, पण त्याहून जास्त भरून आलं होतं ते अब्बांची विद्या कुणीतरी मागत होतं म्हणून. "शिकवेन," ती म्हणाली. "अवघड काही नाही. फक्त घाई करायची नाही. दोन शब्द द्यायचे आणि बाकीचं त्यांच्यावर सोडायचं."

तेवढ्यात सरांनी डोळे उघडले. दोघींना आरशात पाहिलं आणि एकदम यजमानाच्या थाटात उठून उभे राहिले.

"हेलन! तुझी ओळख करून द्यायची राहिली. ही..." त्यांनी अन्वरीकडे हात केला. हात तसाच राहिला. अंगठा बटणाकडे गेला. "ही माझी..."

हेलनने तोंड उघडलं. अन्वरीने नजरेनेच तिला थांबवलं. हेलन थांबली. तिला ते किती जड जात होतं ते दिसत होतं. मग ती अगदी हळू, श्वासासारखं, म्हणाली, "अन्..."

सरांचा चेहरा उजळला.

"अन्वरी," ते म्हणाले. "गनी मास्तरांची मुलगी."

अन्वरीने पुढे होऊन त्यांचा हात दोन्ही हातांत घेतला, आणि गावाकडे ओळख सांगितल्यावर म्हणतात तसं म्हणाली, "हो सर, तीच मी."